एआयचे कायदे आणि ओपन सोर्स डेव्हलपर: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

भाषा मॉडेलांना लागणारी एक छोटी ओपन सोर्स लायब्ररी मी सांभाळतो. पूर्वी मेल यायच्या त्या इन्स्टॉल होत नाही म्हणून. आता "हे वापरलं तर दंड होईल का?" म्हणून येतात. तीच उत्तरं पुन्हा पुन्हा टाइप करून कंटाळलो, म्हणून इथे एकत्र ठेवली आहेत. मी वकील नाही. जिथे पैसा किंवा नोकरी पणाला लागली असेल तिथे वकील गाठा. बाकीच्यांची धाकधूक बहुधा पहिल्या तीन-चार उत्तरांतच संपेल.

१. मी फावल्या वेळात कोड लिहून फुकट टाकतो. एआयचे कायदे मला लागू होतात का?

बहुतेक वेळा नाही. हे कायदे कोडकडे कमी आणि त्या कोडचं पुढे काय केलं जातं याकडे जास्त बघतात. टोकनायझर (मजकुराचे छोटे तुकडे करणारं साधन), डेटा साफ करायची स्क्रिप्ट, ट्रेनिंगचा लूप, मॉडेल तपासायचं साधन, असलं काही रेपोत (कोडच्या सार्वजनिक साठ्यात) ठेवलं म्हणून कुठलाही नियामक दार ठोठावत नाही. घोडं अडतं ते पुढच्या ठिकाणी: तुम्ही स्वतः मोठं मॉडेल ट्रेन करून सोडलंत (प्रश्न ७ ते ११), तयार अ‍ॅप लोकांसमोर ठेवलंत (१२ ते १४), पैसे घ्यायला लागलात (५), किंवा दुसऱ्यांचा डेटा गोळा करून वाटलात (१६ आणि १७).

२. 'एआयचे कायदे' म्हणजे नक्की कुठले?

सगळ्यात सविस्तर कायदा युरोपीय संघाचा. त्याचा क्रमांक २०२४/१६८९, बोलीत 'एआय अ‍ॅक्ट'. १ ऑगस्ट २०२४ ला तो अमलात आला, पण लागू होतोय टप्प्याटप्प्याने. बंदी घातलेल्या वापरांची कलमं २ फेब्रुवारी २०२५ पासून लागू झाली, तर सर्वसाधारण वापराच्या मॉडेलांची २ ऑगस्ट २०२५ पासून. उरलेल्या बऱ्याच भागासाठी कायद्यात मूळ तारीख २ ऑगस्ट २०२६ अशी लिहिली होती. अतिजोखमीच्या प्रणालींच्या (प्रश्न १२) तारखा पुढे ढकलण्याचा प्रस्ताव युरोपीय आयोगाने १९ नोव्हेंबर २०२५ ला मांडला. तेव्हा तारीख बघायची ती कायद्याच्या ताज्या मजकुरात. कुणाच्या जुन्या स्लाइडवर विसंबू नका.

अमेरिकेत असा एकच सर्वसमावेशक केंद्रीय कायदा नाही. ३० ऑक्टोबर २०२३ चा राष्ट्राध्यक्षांचा आदेश २० जानेवारी २०२५ ला रद्द झाला. कॅलिफोर्नियाचा एसबी ५३ हा कायदा १ जानेवारी २०२६ पासून लागू आहे, पण तो फक्त अवाढव्य मॉडेलांसाठी (प्रश्न २०). चीनचे ऑगस्ट २०२३ चे नियम जनतेला दिल्या जाणाऱ्या जनरेटिव्ह सेवांवर आहेत. जनतेला सेवा न देता चाललेलं संशोधन त्यांत येत नाही. भारताने नोव्हेंबर २०२५ मध्ये मार्गदर्शक तत्त्वं आणली. त्यांचा रोख असा की वेगळा कायदा तूर्त नको, आहेत ते कायदे वापरावेत.

या पानावर युरोपचाच पगडा दिसेल. कारण साधं आहे: ओपन सोर्ससाठी वेगळी सूट इतक्या तपशिलात तिथेच लिहून ठेवली आहे.

३. युरोपच्या कायद्यात ओपन सोर्सला सूट आहे असं ऐकलं. मग विषय संपला ना?

सूट एक नाही, तीन आहेत, आणि लोक त्यांची खिचडी करतात.

पहिली कलम २ मध्ये आहे, एआय *प्रणालींसाठी*, म्हणजे मॉडेलवर उभ्या केलेल्या तयार अ‍ॅप-सेवांसाठी. मुक्त लायसन्सखाली सोडलेल्या प्रणालीला कायदा लागू नाही. मात्र ती अतिजोखमीची म्हणून बाजारात आली, बंदीच्या यादीत बसली, किंवा पारदर्शकतेच्या कलम ५० खाली आली, तर सूट संपली. दुसरी कलम ५३ मध्ये, *मॉडेलांसाठी*. ती अर्धीच आहे. काही कागदपत्रं माफ, काही नाहीत (प्रश्न १०). तिसरी कलम २५ मध्ये, *सुट्या भागांसाठी*: तुमची मुक्त लायब्ररी कुणी अतिजोखमीच्या प्रणालीत बसवली, तरी त्या कंपनीशी करार करून माहिती पुरवण्याची सक्ती तुमच्यावर नाही.

आपल्यापैकी बहुतेकांच्या कामाची तिसरी. बातम्यांत मात्र तिचं नावही येत नाही.

४. मी पैसेच घेत नाही. मग 'बाजारात आणलं' असं कसं म्हणता येईल?

म्हणता येतं. कायद्याच्या व्याख्येत 'मोबदला घेऊन किंवा विनामोबदला' असे शब्द आहेत. निकष आहे व्यावसायिक व्यवहाराचा भाग म्हणून दिलंत की नाही हा. मोठ्या कंपनीने धंद्याचा भाग म्हणून फुकट वाटलेलं मॉडेल बाजारात आलेलंच असतं. उलट, रात्री जेवण झाल्यावर गंमत म्हणून लिहिलेली स्क्रिप्ट रेपोत ढकलणं म्हणजे व्यवहार नव्हे. कायद्याच्या प्रस्तावनेत तर स्पष्टच म्हटलंय की खुल्या रेपोत एखादी गोष्ट उपलब्ध करणं एवढ्यावरून पैसे कमावणं ठरत नाही.

५. डोनेशनचं बटण, पेड सपोर्ट, होस्टेड (आपल्याच सर्व्हरवर चालवून दिलेली) आवृत्ती... यातलं काय चालतं?

प्रस्तावनेच्या १०३ व्या परिच्छेदाप्रमाणे किंमत घेऊन दिलेल्या किंवा इतर मार्गाने पैसे कमावून देणाऱ्या भागांना सूट मिळू नये. त्यात त्या सॉफ्टवेअरसाठीचा तांत्रिक सपोर्ट आणि इतर सेवाही धरल्या आहेत. सुरक्षा, सुसंगती, परस्परवापर यांपलीकडच्या कारणासाठी वापरकर्त्यांचा वैयक्तिक डेटा घेणं हेही मोबदल्यातच मोडतं. अगदी छोट्या उद्योगांचे आपापसातले व्यवहार वगळले आहेत.

नुसतं डोनेशन, ज्याच्या बदल्यात काही मिळत नाही, माझ्या वाचनाप्रमाणे चालतं. 'पैसे भरा तरच वेट्स (म्हणजे ट्रेनिंगमधून तयार झालेले मॉडेलचे आकडे) डाउनलोड होतील' हे उघडच चालत नाही. मधली जागा धूसर आहे. वेट्स खरोखर सगळ्यांना खुल्या असतील आणि तुम्ही वेगळी, ऐच्छिक सेवा विकत असाल, तर मॉडेलची सूट टिकण्याची बाजू भक्कम राहते. पण होस्टेड सेवा ही स्वतंत्र प्रणाली आहे आणि तिच्यासाठी तुम्ही पुरवठादारच आहात. रेपोचं लायसन्स तिथे ढाल म्हणून पुढे करू नका.

६. माझ्या मॉडेलच्या लायसन्समध्ये दोन-तीन अटी आहेत. ते 'ओपन सोर्स' धरलं जाईल का?

नाव सोनूबाई आणि हाती कथलाचा वाळा, असा प्रकार या क्षेत्रात भरपूर आहे. सूट हवी तर मॉडेल मिळवणं, वापरणं, बदलणं आणि वाटणं या चारही गोष्टींना मुभा हवी. शिवाय वेट्स, रचनेची माहिती आणि वापराची माहिती जाहीर हवी. आयोगाने जुलै २०२५ मध्ये दिलेल्या मार्गदर्शनाप्रमाणे 'फक्त संशोधनासाठी', 'व्यावसायिक वापर नको' किंवा 'अमुक वापरकर्त्यांपुढे वेगळी परवानगी घ्या' अशा अटी घातल्या की सूट जाते. मेटा कंपनीच्या लामा मॉडेलांच्या लायसन्समधली दरमहा ७० कोटी वापरकर्त्यांची अट आठवा. श्रेय द्या, तेच लायसन्स पुढे लावा, या अटी चालतात.

ट्रेनिंगचा डेटा जाहीर करणं मात्र या सूटीसाठी आवश्यक नाही. ओपन सोर्स इनिशिएटिव्हने २८ ऑक्टोबर २०२४ ला जी व्याख्या जाहीर केली, ती डेटाबद्दल तपशीलवार माहिती मागते. म्हणजे कायद्याच्या लेखी 'मुक्त' आणि आपल्या समुदायाच्या लेखी 'मुक्त' या दोन वेगळ्या गोष्टी झाल्या आहेत. हे मला खटकतं, पण आहे हे असं आहे.

७. 'सर्वसाधारण वापराचं मॉडेल' कशाला म्हणायचं? माझं छोटं मॉडेल त्यात येतं का?

नाना तऱ्हेची कामं करू शकणारं मॉडेल, ही ढोबळ व्याख्या. आयोगाने त्याला आकडा जोडला: ट्रेनिंगला १० चा २३ वा घात इतक्या गणनक्रियांपेक्षा जास्त लागल्या असतील आणि मॉडेल मजकूर किंवा आवाजातली भाषा, अथवा मजकुरावरून चित्र वा व्हिडिओ तयार करत असेल, तर ते या गटात धरायचं. ही रेघ दगडावरची नाही, अंदाजाची खूण आहे. बुद्धिबळ खेळणारं किंवा फक्त आवाजातली खरखर काढणारं मॉडेल कितीही ट्रेन केलं तरी 'सर्वसाधारण' होत नाही.

८. गणनक्रिया मोजायच्या कशा? माझ्याकडे फक्त जीपीयूचं बिल आहे.

ट्रान्सफॉर्मरसाठी (आजच्या भाषा मॉडेलांची नेहमीची रचना) सगळे वापरतात तो हिशेब: ६ गुणिले पॅरामीटरांची (मॉडेलमधल्या आकड्यांची) संख्या गुणिले ट्रेनिंगमधले टोकन (मजकुराचे तुकडे).

करून बघू. ७ अब्ज पॅरामीटर, २ लाख कोटी टोकन. ७ अब्ज म्हणजे ७ गुणिले १० चा ९ वा घात; २ लाख कोटी म्हणजे २ गुणिले १० चा १२ वा. ६ × ७ × २ = ८४, घातांची बेरीज २१. उत्तर ८.४ गुणिले १० चा २२ वा घात. रेघेच्या किंचित खाली. आता ८ अब्ज पॅरामीटर आणि १५ लाख कोटी टोकन घ्या, साधारण लामा ३.१ च्या धाकट्या भावाएवढं. उत्तर येतं ७.२ गुणिले १० चा २३ वा घात. रेघेच्या सातपट वर.

बिल असेल तर जीपीयूचे तास, त्या चिपचा सेकंदाचा कमाल वेग आणि प्रत्यक्ष वापराचं प्रमाण यांचा गुणाकार करा. दोन्हीकडून उत्तर जवळपास सारखं आलं पाहिजे. नाही आलं तर बहुधा तासांचे सेकंद करायचे राहिले आहेत. मी स्वतः हे दोनदा केलं आहे.

९. मी दुसऱ्याचं मॉडेल फाइन-ट्यून करून (थोड्या नव्या डेटावर पुढे ट्रेन करून) अपलोड केलं. आता जबाबदारी माझी का?

सगळ्यात जास्त आलेला प्रश्न, आणि उत्तर सुदैवाने दिलासा देणारं.

आयोगाचं मार्गदर्शन सांगतं की मूळ मॉडेलच्या ट्रेनिंगला लागलेल्या गणनेच्या एक तृतीयांशापेक्षा जास्त गणना तुम्ही बदलासाठी वापरली, तर तुम्ही पुरवठादार ठरता. आधीच्या उत्तरातलं ८ अब्जचं मॉडेल घ्या. त्याचा एक तृतीयांश म्हणजे २.४ गुणिले १० चा २३ वा घात. तुम्ही ५ कोटी टोकनांवर फाइन-ट्यून केलंत. ६ × ८ अब्ज × ५ कोटी, म्हणजे २.४ गुणिले १० चा १८ वा घात. तुम्ही मर्यादेच्या एक लाखांश आहात. हे पूर्ण फाइन-ट्यूनिंग धरून. घरच्या एका जीपीयूवर लोरा (फाइन-ट्यूनिंगची हलकी पद्धत) चालवून ती मर्यादा गाठायची म्हटलं तर जन्म पुरायचा नाही.

आणि समजा कुणी ती ओलांडलीच, तरी जबाबदारी तुम्ही केलेल्या बदलापुरती असते. मूळ मॉडेलची कागदपत्रं तुमच्या गळ्यात पडत नाहीत. मूळ मॉडेलचं लायसन्स मात्र पाळावंच लागतं. त्याचा एआय कायद्याशी संबंध नाही, तो जुना कॉपीराइटचा मामला.

१०. माझं मॉडेल रेघेच्या वर आहे, पण पूर्ण मुक्त आहे. मग काय उरतं?

माफ होतं ते असं: नियामकासाठीचं तांत्रिक दस्तऐवजीकरण, आणि मॉडेल पुढे वापरणाऱ्यांना द्यायची औपचारिक माहिती. संघाबाहेर राहत असाल तर तिथे अधिकृत प्रतिनिधी नेमणंही माफ. एकट्या डेव्हलपरला हे शेवटचं फार मोलाचं, कारण प्रतिनिधी नेमायला पैसे पडतात.

दोन गोष्टी उरतात. पहिली, कॉपीराइटचं धोरण: 'माझ्या मजकुराचं उत्खनन नको' असं कुणी यंत्राला वाचता येईल अशा खुणेने सांगितलं असेल, तर ते कसं पाळलंत हे ठरवून ठेवणं. दुसरी, ट्रेनिंगला वापरलेल्या सामग्रीचा जाहीर सारांश. त्याचा नमुना आयोगाने २४ जुलै २०२५ ला दिला आहे. डेटासेटची नावं, वेबवरून काय गोळा केलं, कधी केलं, अशा रकान्यांचा तो तक्ता आहे. ट्रेनिंग चालू असतानाच भरायला घ्या. सहा महिन्यांनी कुठल्या फोल्डरमध्ये काय होतं हे कुणालाच आठवत नाही.

११. आणि खूपच मोठं मॉडेल असेल तर?

१० चा २५ वा घात ओलांडला की 'व्यवस्थात्मक जोखीम' गृहीत धरली जाते, आणि ओपन सोर्सची मॉडेलवाली सूट पूर्ण जाते. दोन आठवड्यांत आयोगाला कळवायचं, जोखमीचं मूल्यमापन करायचं, गंभीर घटना कळवायच्या, मॉडेलची सायबरसुरक्षा राखायची. लामा ३.१ चं ४०५ अब्जचं मॉडेल मेटाच्याच आकड्यानुसार ३.८ गुणिले १० चा २५ वा घात, म्हणजे रेघेच्या पुढे.

वेट्स स्वतःच जगाला वाटून टाकल्यावर त्यांची सुरक्षा कशी राखायची, हा प्रश्न मी ज्याला ज्याला विचारला तो फक्त हसला.

१२. माझी लायब्ररी कुणी नोकरभरतीत माणसं गाळायला वापरली. मी अडकेन का?

नोकरभरती, शिक्षणातले प्रवेश, कर्जाची पात्रता, बायोमेट्रिक ओळख, पोलिसी काम, न्यायदान ही अतिजोखमीची क्षेत्रं. पण अतिजोखीम ठरते ती *उद्देशावरून*. तुम्ही दोन मजकुरांमधलं साम्य मोजणारं साधन लिहिलंत आणि कुणी ते अर्ज चाळायला लावलं, तर कलम २५ प्रमाणे उद्देश बदलणारा तो पुरवठादार होतो. तुम्ही नाही.

आता उलट बाजू. तुमच्याच रीडमीमध्ये (रेपोच्या ओळखपत्रकात) 'उमेदवारांचे अर्ज आपोआप गाळा' असं ठळक लिहिलं असेल, तर उद्देश तुम्हीच जाहीर केलात. अशी प्रणाली बाजारात आली की लायसन्स काहीही असो, सूट नाही. मला एका रेपोचा रीडमी आठवतो, कोड होता जेमतेम दोनशे ओळींचा, पण वर यादी होती: बँका, विमा, भरती, सीमा तपासणी. स्टार मिळावेत म्हणून लिहिलेली. वकिलाच्या नजरेला ती यादी म्हणजे अतिजोखमीच्या परिशिष्टाची नक्कलच. रीडमीत बढाया मारताना हात आखडता घ्या.

१३. बंदीच्या यादीतलं साधन फक्त अभ्यासासाठी टाकलं तर?

कलम ५ ला ओपन सोर्सची सूट नाही. इंटरनेटवरून किंवा सीसीटीव्हीतून सरसकट चेहरे ओरबाडून ओळखीचा डेटाबेस बनवणं, कामाच्या ठिकाणी वा शाळेत भावना ताडणं (वैद्यकीय आणि सुरक्षेची कारणं वगळून), माणसांना सामाजिक गुण देणं, हे त्यात येतं. फक्त वैज्ञानिक संशोधनासाठी बनवलेल्या आणि वापरलेल्या प्रणाली कायद्याबाहेर आहेत खऱ्या, पण 'अभ्यासासाठी' असं रीडमीत लिहिलं म्हणून गोष्ट संशोधन होत नाही. सर्वसाधारण वेब स्क्रॅपर ठीक. 'चेहरे गोळा करून ओळख पटवा' अशा एकाच कामासाठी बांधलेलं साधन ठीक नाही.

१४. माझं अ‍ॅप चित्रं किंवा आवाज बनवतं. वॉटरमार्क लावायलाच हवा का?

कलम ५० प्रमाणे, कृत्रिम आवाज, चित्र, व्हिडिओ किंवा मजकूर बनवणाऱ्या प्रणालीने आपल्या निर्मितीवर यंत्राला ओळखता येईल अशी खूण ठेवायची. माणसाशी बोलणाऱ्या बॉटने आपण यंत्र आहोत हे कळू द्यायचं. ओपन सोर्सला इथे सवलत नाही. फक्त किरकोळ संपादनाला मदत करणारी साधनं वगळली आहेत.

गोम अशी की मुक्त कोडमधली खूण काढणं सोपं असतं. स्टेबल डिफ्युजनच्या मूळ स्क्रिप्टमध्ये अदृश्य वॉटरमार्क होता. लोकांनी फोर्क (स्वतःची वेगळी प्रत) करून ती ओळ उडवली. तुम्ही ती सुविधा चालू अवस्थेत द्या आणि दस्तऐवजात सांगा. तुमचा कोड घेऊन दुसऱ्याने खूण काढून स्वतःची सेवा उभी केली, तर त्या सेवेचं उत्तर त्याने द्यायचं.

१५. एका कंपनीने मला 'अनुपालन प्रश्नावली' पाठवली आहे. भरू का?

मलाही आली होती. मोठा तक्ता, वर 'पुरवठादाराने सही करून शुक्रवारपर्यंत परत पाठवावे'. तोवर त्या कंपनीने ना एक रुपया दिला होता, ना एक पुल रिक्वेस्ट (कोडमध्ये सुचवलेली सुधारणा). डोकं फिरलं, पण दोन दिवस थांबून उत्तर लिहिलं. तेच आता रेपोत रीडमीशेजारी एका फाइलमध्ये ठेवलं आहे:

"ही मुक्त लायसन्सखालची लायब्ररी आहे. ती मॉडेल नाही आणि स्वतःहून कुठलाही निर्णय घेत नाही. आमचा तुमच्याशी पुरवठ्याचा करार नाही. काय चालतं, काय चालत नाही, कुठे चुकू शकतं हे दस्तऐवजात लिहिलं आहे. सुरक्षेतली त्रुटी सापडली तर याच पत्त्यावर कळवा. यापलीकडची हमी हवी असेल तर सशुल्क कराराबद्दल बोलू."

तिसऱ्या प्रकारच्या सूटीमुळे (प्रश्न ३) तुमच्यावर सक्ती नाही. सही तर करूच नका, कारण सही केली की जे कायद्याने नव्हतं ते कराराने अंगावर येतं. पण मॉडेल कार्ड (मॉडेलचं माहितीपत्रक) आणि डेटाची माहिती लिहून ठेवा. कायदा त्याला उत्तेजन देतो, सक्ती करत नाही, आणि पुढच्या दहा मेल वाचतात.

१६. मी मॉडेल नाही, फक्त डेटासेट बनवतो. मला काही धोका?

मला विचाराल तर मॉडेलवाल्यांपेक्षा जास्त. एआय कायद्याचा नाही, कॉपीराइट आणि फौजदारी कायद्यांचा. जर्मनीतल्या लायॉन या ना-नफा संस्थेचा ५.८५ अब्ज चित्र-मजकूर जोड्यांचा संच बघा. त्यात प्रत्यक्ष चित्रं नाहीत, दुवे आहेत. एका छायाचित्रकाराने दावा लावला. २७ सप्टेंबर २०२४ ला हॅम्बुर्गच्या न्यायालयाने तो फेटाळला, कारण वैज्ञानिक संशोधनासाठीचा कॉपीराइटमधला अपवाद संस्थेला लागू पडला. तो संच फुकट आणि बिगरव्यावसायिक नसता तर हा अपवाद मिळणं अवघड होतं.

त्याच संस्थेला त्याआधी, डिसेंबर २०२३ मध्ये, संच मागे घ्यावा लागला होता: संशोधकांना त्यात बालशोषणाच्या संशयित चित्रांचे दुवे सापडले. ऑगस्ट २०२४ मध्ये २,२३६ दुवे काढून स्वच्छ आवृत्ती आली. अब्जावधीतले दोन हजार. 'आम्ही फक्त दुवे देतो' हे बोलायला सोपं, पण संच वाटण्याआधी अशा चित्रांच्या ज्ञात हॅशच्या (डिजिटल ठशांच्या) याद्यांशी पडताळणी करा.

१७. ट्रेनिंगच्या डेटात लोकांची नावं, पत्ते असतील तर?

तिथे डेटा संरक्षणाचा कायदा येतो आणि त्यात ओपन सोर्स नावाची सूटच नाही. युरोपच्या डेटा संरक्षण मंडळाने डिसेंबर २०२४ मध्ये मत दिलं की वैयक्तिक डेटावर ट्रेन केलेलं मॉडेल आपोआप 'निनावी' होत नाही. प्रत्येक मॉडेलचं वेगळं बघावं लागतं. भारताचा २०२३ चा कायदा वेगळी वाट घेतो: माणसाने स्वतःहून सार्वजनिक केलेला डेटा त्याच्या कक्षेबाहेर आहे. स्वतःहून, हे महत्त्वाचं. दुसऱ्याने त्याचा नंबर कुठे चिकटवला असेल तर ते त्यात बसत नाही.

१८. लायसन्समध्ये 'युरोपात वापरू नये' असं टाकलं की सुटलो का?

मोठ्या कंपन्यांनी असं केलं आहे. लामा ३.२ च्या चित्रं समजणाऱ्या मॉडेलांचं लायसन्स युरोपीय संघातल्या रहिवाशांना हक्क देत नाही. तुम्ही तसं केलंत तर गंमत अशी होते की लायसन्स ओपन सोर्स राहत नाही, कारण माणसांमध्ये भेदभाव न करणं हे त्या व्याख्येतच आहे. म्हणजे ज्या सूटीने तुम्ही वाचला असता तीच घालवून बसलात. छोट्या प्रकल्पाला हे घाबरून घर विकण्यासारखं आहे.

१९. सायबर रेझिलिअन्स अ‍ॅक्ट आणि उत्पादन-दायित्वाचं काय? तेही एआयचेच ना?

दोन्ही युरोपचे: पहिला सायबरसुरक्षेचा, दुसरा सदोष उत्पादनाच्या भरपाईचा. एआयचे नाहीत, पण एआयच्या लायब्ररीलाही लागू पडू शकतात. सायबर रेझिलिअन्स अ‍ॅक्ट १० डिसेंबर २०२४ ला अमलात आला. त्रुटी कळवण्याचं बंधन ११ सप्टेंबर २०२६ पासून आणि पूर्ण कायदा ११ डिसेंबर २०२७ पासून, असं त्याचं वेळापत्रक. व्यावसायिक व्यवहाराबाहेरचं मुक्त सॉफ्टवेअर त्यात नाही. नुसते पॅच पाठवणाऱ्यावर काही बंधन नाही. प्रकल्पांना सातत्याने आधार देणाऱ्या फाउंडेशनांसाठी 'स्टुअर्ड' नावाचा हलका वर्ग केला आहे आणि त्यांना दंड नाही. नव्या उत्पादन-दायित्व निर्देशातही व्यावसायिक व्यवहाराबाहेर दिलेलं मुक्त सॉफ्टवेअर वगळलं आहे. हे सगळं सहज मिळालं नाही. पहिल्या मसुद्यांवर ओपन सोर्सवाल्यांनी रान उठवलं, तेव्हा कुठे शब्द बदलले.

२०. अमेरिकेत खुल्या वेट्सवर बंदी येणार होती म्हणे?

बंदी नाही, पण भीतीला आधार होता. कॅलिफोर्नियाचं एसबी १०४७ हे विधेयक मोठ्या मॉडेलांसाठी 'पूर्ण बंद करण्याची' सोय मागत होतं. एकदा डाउनलोड झालेल्या वेट्स बंद कशा करणार? नंतर दुरुस्ती होऊन ती अट डेव्हलपरच्या ताब्यातल्या प्रतींपुरती केली गेली, तरी राज्यपालांनी २९ सप्टेंबर २०२४ ला विधेयक नाकारलं. बरोबर वर्षाने सही झाली ती सौम्य एसबी ५३ वर: १० चा २६ वा घात ओलांडणाऱ्यांसाठी, आणि बरीचशी बंधनं वर्षाला ५० कोटी डॉलरपेक्षा जास्त उत्पन्न असणाऱ्यांवर. केंद्रीय पातळीवर एनटीआयए या संस्थेने जुलै २०२४ च्या अहवालात खुल्या वेट्सवर तूर्त निर्बंध नकोत, लक्ष ठेवा, असं सुचवलं. अमेरिकी सरकारच्या जुलै २०२५ च्या एआय कृती-आराखड्याने तर खुल्या मॉडेलांना प्रोत्साहनच दिलं.

२१. मी दुसऱ्याच्या प्रकल्पात फक्त पुल रिक्वेस्ट पाठवतो.

निर्धास्त पाठवा.

२२. लायसन्समध्ये 'कुठलीही हमी नाही' असं मोठ्या अक्षरांत आहे. ते पुरत नाही का?

ते तुम्ही आणि वापरणारा यांच्यातलं. सरकार त्या करारात पक्षकार नाही. बंदी घातलेला वापर, खूण ठेवण्याचं बंधन, वैयक्तिक डेटा यांतलं काहीच त्या वाक्याने टळत नाही. तरी ते काढू नका. नुकसानभरपाईच्या खासगी दाव्यात ते अजूनही कामी येतं.

२३. चूक झालीच तर दंड किती?

बातम्यांतले आकडे कमाल मर्यादेचे आहेत. बंदीच्या कलमासाठी ३.५ कोटी युरो किंवा जागतिक उलाढालीच्या ७ टक्के, इतर बऱ्याच बंधनांसाठी १.५ कोटी किंवा ३ टक्के. मोठ्यांना यातला जो जास्त तो, लहान उद्योगांना जो कमी तो. उलाढालच नगण्य असेल तर टक्केवारीचा आकडाही नगण्य येतो.

२४. मी मॉडेल काढून टाकलं, पण लोकांचे फोर्क फिरत आहेत. त्यांची जबाबदारी कुणाची?

फोर्क आपल्या नावाने पुढे देणारा त्याच्या प्रतीला जबाबदार. तुमच्या जुन्या रिलीजबद्दल जे बंधन होतं ते मात्र मागे घेतल्याने पूर्वलक्षी पुसलं जात नाही. घाईघाईने सगळा रेपो उडवू नका. इतिहास गेला की तुमच्या बाजूचा पुरावाही जातो: कुठली आवृत्ती कधी सोडली, कुठल्या लायसन्सखाली, काय इशारा लिहिला होता. रेपो आर्काइव्ह करा, वेट्सचा दुवा बंद करा, का काढलं आणि कुठल्या तारखेला हे रीडमीच्या पहिल्या ओळीत लिहा, आणि ज्या फोर्कवाल्यांशी संपर्क होतो त्यांच्याकडे एक इश्यू उघडा.